पथारीवर अकरा दिवस

फॉर्मवर दोन चौकटी होत्या. माहितीपट. प्रयोगपट.
खाली बारीक अक्षरात: एकाच ठिकाणी खूण करा.
मृदुला नेहेतेने दोन्हींच्या मधल्या कोऱ्या जागेत
एक टिंब दिलं.
सायबर कॅफेवाला म्हणाला, मॅडम, हे मशीन घेणार नाही.
घेतलं नाहीच.

मी नासिर पिंजारी. तिचा रिक्षावाला.
नंदुरबार स्टेशन ते मिरचीची पथारी,
दिवसभराचे चारशे, थांबण्यासकट.
तिसऱ्या दिवशी तिने माईक माझ्या हातात दिला.
म्हणाली, पिंजारी ना तुम्ही? मग ऐकता येत असेल.

येतं थोडंफार.
आजोबा पिंजणीच्या तातीवरून सांगायचे
कापूस कुणाच्या शेतातला, रात्री दव पडलं होतं का.
मला एवढं जमत नाही.
मला प्लगमधला कचरा ऐकू येतो.

पथारीवर डोळे उघडे ठेवणं कठीण.
नजर जाईल तिथवर लाल, वर जानेवारीचं ऊन,
आणि बाया, फडक्याने नाकतोंड बांधून, मिरच्या उलटवणाऱ्या.
झेलूबाई पाडवी म्हणाली,
तोंड नको घेऊ, माय.
तोंड घेऊन मला गावी जायचंय.
हात घे. हात तसेही इथेच राहतात.

मग तिने हात घेतले.
बत्तीस बायांचे त्रेसष्ट.
एक जिनिंगमध्ये गेलेला, आधीच्या हंगामात.

फिल्म मुदत संपलेली, कुणीतरी फुकट दिलेली.
लॉजच्या न्हाणीत, बादलीत,
कॉफी आणि धुण्याचा सोडा कालवून तिने ती धुतली.
मॅनेजरने दोन दिवसांचं पाणी जास्तीचं लावलं.
आणि वाळलेल्या पट्ट्या तिने काय कराव्यात?
मिरच्यांखाली पसरल्या.
अकरा दिवस. दव, ऊन, तिखट, बायांचे पाय.
मुकादम हसला: क्विंटलला काय भाव चालू आहे फिल्मचा?
तिने ते वहीत लिहून घेतलं.
सिनेमात ते आहे, त्याच्या आवाजात, तीनदा.

दाखवला तिथेच. वजनकाट्याच्या भिंतीवर चादर,
तळोद्याच्या एका शाळेच्या अडगळीतला प्रोजेक्टर,
आवाज माझ्या रिक्षाच्या स्पीकरमधून.
पोरांना हिरो हवा होता.
पडद्यावर हात येत, त्यांना भोकं पडत,
भोकांतून लाल उकळत वर येई, मग पांढरं,
मग काहीच नाही.
काट्यावरचा कारकून ओरडला,
हाई काय पिक्चर शे? रंग उडी गया!
एक म्हातारा उठून लघवीला गेला, आलाच नाही.

मग पडदा काळा झाला.
मला माहीत होतं पुढे काय, मीच भरलं होतं ते:
दुपारी तीनचा खोकला,
एकीने सुरू केलेला, रांगेने सरकत गेलेला.
काळोखात फक्त तेवढंच.
मला वाटलं, आता शिव्या पडतील.

ही सुपी, कुणीतरी म्हणालं.
ही मी!
ही कोण, बारीक, दोनदाच? ही तर शेवंती.
शेवंती महिन्यापूर्वीच बारडोलीकडे गेलेली, उसात.
तिचा नवरा मागे भिंतीला टेकून उभा होता.
पुन्हा लावा, तो म्हणाला.

पुन्हा लावलं. पट्टी तुटली,
पण आवाज वेगळ्या यंत्रावर होता, तो चालूच राहिला.
मृदुलाने फिल्म जोडली नाही.
दिवा तसाच ठेवला, रिकाम्या चादरीवर,
आणि बाया त्या पांढऱ्याकडे बघत
एकमेकींना ओळखत बसल्या.

ती गेली त्याला दोन हंगाम झाले.
शेवटच्या दिवसाचे पैसे तिच्याकडे राहिलेत,
मीही मागितले नाहीत.
रिक्षाच्या गादीतून अजून तिखट निघतं,
पॅसेंजर ठसकतात, मला बोलतात.
मी आरशात बघत नाही लगेच.
आधी ऐकून घेतो.